सुकन्यानं मागे घेतलेला अर्ज

उमरी तालुक्यातल्या आमच्या गावात पंधरा वर्षांत ग्रामपंचायतीचं मतदान झालेलं नाही. मंडळी मारुतीच्या देवळात बसतात, नावं ठरवतात, निवडणूक बिनविरोध होते. देविदासची सुकन्या तेवीस वर्षांची, नांदेडला एम.ए. करते. ग्रामपंचायतीसाठी तिनं एकदाही मत दिलेलं नव्हतं.

पावसाळ्यात तिच्या कॉलेजनं परदेशातल्या मुलांशी ऑनलाइन गप्पा ठेवल्या. विषय लोकशाही. केनियातली एक मुलगी म्हणाली, पहिल्या मतासाठी मी पाच तास रांगेत उभी होते. कोरियातला मुलगा मोर्चात रात्रभर थंडीत बसला होता. सुकन्यानं सांगितलं, आमच्याकडे भांडणं नकोत म्हणून मतदानच होत नाही. किती छान, म्हणत सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. त्या टाळ्या पोरीला फार लागल्या.

म्हणून निवडणूक लागताच तिनं सदस्यपदाचा अर्ज भरला. समोर एकटा व्यंकट, देवळात ठरलेला. "काका, पडले तरी चालंल," मला म्हणाली, "पर मतदान झालं पायजे."

दमदाटी कुणी केली नाही. केली असती तर ती भांडली तरी असती. देवळातल्या बैठकीचे म्होरके ईश्वरप्पा आम्हा चौघांना घेऊन देविदासच्या ओसरीवर गेले. "पोरी, तुझ्याशी आमचं वाकडं न्हाई. पर गावाची एकी तुझ्यापायी मोडू नगं." देविदास चहा देत फिरत होता, त्यानं मान वर केली नाही. मी चहा प्यालो.

दुसऱ्या दिवशी तहसीलमध्ये तिनं अर्ज मागे घेतला. सही केली, पेन परत दिलं आणि निघाली. मी सोबत होतो, मला काही वाटलं नाही, आणि त्याचीच आता लाज वाटते.

संध्याकाळी देवळात आम्ही शाल-श्रीफळ देऊन तिचा सत्कार केला. बसची वाट बघत उभं राहावं तशी ती उभी राहिली. गर्दी पांगल्यावर गुलालानं माखलेला व्यंकट तिच्याजवळ आला.

"सुकन्या, मलाबी मतदान पायजे व्हतं. माझ्या मागं खरंच किती जन हायत, आता कसं कळावं?"

"मग बोलला का न्हाईस?"

"कुनी विचारलंच न्हाई. उभा राहतोस का, हेबी न्हाई."

सुकन्या मान डोलावून नुसती "हाव" म्हणाली आणि घराकडे निघाली. मी दोन पावलांवर होतो. व्यंकटचं नाव देवळात मीच सुचवलं होतं.