रुमालाखालचा शब्द

सखाराम जांबोटकर, आमचा आप्पा, याला त्याच्या नाटक कंपनीच्या मालकानं फसवलं. आप्पा जाऊन आता महिना होत आला. बेळगावात शोकसभा झाली, आणि तिथं मालक डोळे पुसत म्हणाले, "आप्पांना दुष्ट भूमिकांचंच वेड. दुसरं काही त्यांनी कधी मागितलंच नाही." मी ताडकन उठलो, पण लोकांनी हाताला धरून खाली बसवलं. म्हणून आता लिहितो आहे.

आप्पा जांबोटीच्या रानातला. कंपनीत शिरला तो पडदे ओढायला, आणि पुढं सगळ्या मुलखात खलपुरुष म्हणून गाजला. मी निपाणीच्या पेठेतला तंबाखूचा दलाल. कंपनीचा मुक्काम गावात पडला की तो दुपारभर माझ्या वखारीत बसे. आम्हा दलालांत भाव तोंडानं बोलत नाहीत. दोघांच्या हातांवर रुमाल टाकायचा, खाली बोटं धरून आकडा सांगायचा, आणि पुरा पंजा दाबला की सौदा पक्का. मग कुणी मागं फिरत नाही. आप्पा हे टक लावून बघायचा. एकदा म्हणाला, "अण्णा, तुमी वरडता तवा कोण भीत न्हाय. रुमाल टाकून गप बसला की समोरच्याला घाम फुटतोय." त्याच मुक्कामात त्यानं रंगभूमीवर मारेकऱ्याच्या हातावर रुमाल टाकला आणि राजकन्येच्या खुनाचा सौदा एक शब्द न बोलता केला. बाकीचे खलपुरुष डोळे वटारायचे, पाय आपटायचे. हा नुसता हसत होता, खाली बोटं हलत होती... निपाणीकरांना त्यातलं बोट न् बोट कळत होतं. पंजा दाबला गेला तशी बायकांतून हाक उठली, "मुडदा बशिवला तुझा!"

दुसऱ्या दिवशी बाजारात वांगीवाली त्याला वांगी देईना. "पोरीचा जीव घेतलास न्हवं काल?"

"मावशी, तुझी शप्पत, ती पोरगी तंबूत भाकरी खात बसलीया. मिशी फुटलीया तिला!"

सगळा बाजार हसला. तिनं वांगी दिली, पण लांबूनच टोपलीत टाकली.

पुढं मात्र हीच गंमत त्याच्या घरात शिरली. लेक संकेश्वरला दिली होती. लग्नानंतर विहीणबाईंनी त्याचं नाटक पाहिलं आणि धसकाच घेतला. नातू झाला, तर त्याच्या मांडीवर देईनात. "त्या हातांत पोर नको," एवढंच म्हणायच्या. तेव्हा आप्पानं मालकांकडं एक मागणं घातलं... संकेश्वरच्या मुक्कामात, एका खेळापुरती, म्हाताऱ्या बापाची भूमिका. विहीणबाई समोर बसतील, हे हात दुसऱ्या कामात बघतील. बोलणं माझ्याच वखारीत झालं. मालक नुसतं "बघू, बघू" करत होते. मी चिडलो, दोघांच्या हातांवर माझा रुमाल टाकला आणि म्हणालो, "आता बोटांनीच बोला." मालकांनी पुरा पंजा दाबला. आप्पानं हात बाहेर काढून मला दाखवला, लहान पोरानं खाऊ दाखवावा तसा.

संकेश्वरला मी मुद्दाम गेलो. विहीणबाई नातवाला घेऊन पुढं बसलेल्या. आणि रंग लावायच्या वेळी मालक म्हणाले, "लोक तुझ्या खुनाला येतात आप्पा, तुझ्या मायेला कोण येणार?" बापाची भूमिका त्यांनी आपल्या मेव्हण्याला दिली होती. मी तिथंच आरडाओरडा केला. आप्पाला म्हटलं, "रंग लावू नकोस, चल घरला."

"अण्णा, माणसं येऊन बसल्यात," तो म्हणाला आणि आरशाकडं वळला.

त्या दिवशी तो जसा उभा राहिला, तसा खलपुरुष मी परत पाहिला नाही. मारेकऱ्याच्या हातावर रुमाल पडला, तो हसला, आणि विहीणबाई नातवाला पदराखाली घेऊन उठल्या. त्यानं ते पाहिलं. मी त्याच्या हाताकडं बघत होतो... एक बोट अडखळलं नाही. नंतर रंग पुसताना म्हणाला, "बघितलासा न्हवं? भ्याल्या बाई. काम चांगलं झालं म्हणायचं."

त्यानंतर तो जांबोटीला परतला आणि तापानं गेला. खानापूरच्या लाकूडवाल्यानं वखारीच्या दारात मला सांगितलं. नातू अखेरपर्यंत त्याच्या मांडीवर बसला नाही.

मालकांच्या हातावर टाकलेला माझा तो रुमाल वखारीत खुंटीला आहे. त्याखाली मी पुन्हा सौदा केलेला नाही. मालक, त्याच्याखाली तुम्ही पंजा दाबला होता की नाही? आप्पानं काही मागितलं नव्हतं हे बेळगावच्या सभेत सांगितलंत, आता संकेश्वरला चला. रुमाल मी घेऊन येतो. विहीणबाईंच्या उंबऱ्यावर उभे राहा, आणि त्या माणसानं काय मागितलं होतं ते त्या पोरासमोर तोंडानं सांगा.