निगेटिव्हची कात्री

मला कात्रीची भीती वाटते म्हटलं की आमच्याकडे सगळे हसतात. हसू देत बापडे. त्यांनी कधी निगेटिव्ह कापलेली नाही.

एकोणीसशे साठच्या आसपास हे जर्मनीत स्टुटगार्टला डॉक्टरेट करत होते आणि मी तिथल्या एका छोट्या स्टुडिओत एका फ्रेंच संकलक बाईंच्या हाताखाली होते. त्यांना सगळे मादाम म्हणत. सिनेमे कापण्या-जोडण्यात त्यांचं आयुष्य गेलं होतं. आधी त्या छापील प्रतीवर काम करत. तिथे चुकलं तर पुन्हा जोडता येई. सगळं मनासारखं झालं की मूळ निगेटिव्ह त्या प्रतीप्रमाणे कापायची. ती एकच असते. जोडताना दर वेळी एक फ्रेम खरवडून जाते, त्यामुळे चुकलं की गेलंच. हे काम मादाम कुणालाच करू देत नसत.

त्या वर्षी थंडी पडायला लागली तसा त्यांचा उजवा हात थरथरू लागला. कॉफीचा कप त्या डाव्या हाताने धरायच्या. स्टुडिओत कळलं असतं तर त्यांना घरीच बसवलं असतं. एका संध्याकाळी दार लावून त्या जर्मनमध्ये म्हणाल्या, "आल्झो, तर मग, उद्या निगेटिव्ह तुम्ही कापायची. आणि कुणाजवळ बोलायचं नाही."

न राहवून घरी यांना तेवढं सांगितलं, तर म्हणाले, "अगं, कात्रीच तर चालवायची आहे!" असा राग आला मला! जेवण गेलं नाही.

दुसऱ्या दिवशी खंडेनवमी होती. माहेरी त्या दिवशी वडिलांच्या करवतीला नि रंध्याला हळदकुंकू लागे, आणि पूजा झालेलं हत्यार दिवसभर कुणी उचलत नसे. मला तर कात्री चालवायचीच होती. निदान कुंकू तरी, म्हणून मादाम यायच्या आधी मी कात्रीच्या मुठीला कुंकवाचं बोट टेकवलं.

त्या आल्या, तांबडा ठिपका पाहिला आणि पांढऱ्याफटक पडल्या. माझे दोन्ही हात ओढून बोटं तपासू लागल्या. रक्त नाही, कुंकू आहे, असं म्हणत मी रडवेली होऊन सगळी पद्धत सांगितली. कुंकू म्हणजे भुकटी, हे कळल्यावर तर त्या आणखीच घाबरल्या. एक कण निगेटिव्हवर पडला की कायमचा ओरखडा! मला हात धुवायला पिटाळलं आणि कात्री, टेबल सगळं स्वतः स्पिरिटने पुसून काढलं. आता मला हाकलतात, असंच वाटलं.

मग त्या मला बाहेर पॅसेजमध्ये घेऊन गेल्या.

"पूजा झालेलं हत्यार आज चालवत नाहीत ना?"

"नाही, मादाम."

त्यांनी थरथरता उजवा हात पुढे केला. "मग कुंकू इथे लावा."

मी लावलं. पुन्हा हात धुतले, हातमोजे चढवले आणि कात्री उचलली. मादाम तो हात पाठीमागे धरून माझ्याजवळ उभ्या होत्या. त्यानंतर त्या हातात कात्री मी कधीच पाहिली नाही.