दुधापाशीचा गोटा

उंद्रीच्या आमच्या शेतात विहीर खोदताना एक निळसर गोटा निघाला होता. तसा दुसरा कुणाकडे नव्हता. त्याच्याजवळ असलेल्या वस्तूचा वेळ हळू जायचा, एवढाच त्याचा गुण. आईने तो दुधाच्या गंजापाशी ठेवला. दूध आठ-आठ दिवस नासत नसे. घरात फ्रिज आला तरी तिचा भरवसा गोट्यावरच. "लाइन जाते, गोटा नाही जात," असं म्हणायची.

डॉक्टरांनी बाबांचे थोडेच दिवस उरल्याचं सांगितलं, तेव्हा मी कुणाला न विचारता गोटा त्यांच्या उशाखाली सरकवला. स्वतःच्या हुशारीवर खूशही होतो. दुसऱ्या दिवशी दुपारी बाबांनी मला बोलावलं.

"तो गोटा दुधापाशी नेऊन ठेव बे," ते म्हणाले. "सकाळी कळ आली, ते अजून चालूच हाय. पयले पाच मिन्टात जाये."

मी गोटा उचलून त्या दिवशीच्या दुधापाशी ठेवला.

चौथ्या दिवशी बाबा गेले. राख सावडून माणसं घरी आली, तेव्हा आईने चहा टाकला. दूध तेच होतं, आणि चांगलं होतं.