न वाचलेली बत्तीस पानं

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. सख्ख्या बहिणीला नाही. देवापुढे बसते तेव्हाही नाही — तिथे हात जोडले की मी दुसरंच काहीतरी पुटपुटायला लागते. तुम्हाला सांगतेय, कारण तुम्ही मला ओळखत नाही. आणि कारण हल्ली फोन वाजला की मी आधी नाव बघते आणि तो पालथा ठेवते, आणि हे असं किती दिवस चालणार?

मी शहापूरच्या एका हायस्कुलात एकतीस वर्षं गणित शिकवलं. एकटीच राहते. बाजारात गेले की चार जण तरी वाकून नमस्कार करतात. बाई, ओळखलंत का? — मी म्हणते, ओळखलं. बऱ्याचदा ओळखलेलं नसतं. बघा, तिथूनच सवय असेल का? नसलेलं असल्यासारखं दाखवायची? माहीत नाही. कारणं शोधायला लागले की मला माझाच संशय येतो.

रंजना मात्र मला पक्की आठवत होती. सिद्धगडाच्या पायथ्याच्या गावातली, मुरबाडकडची. शिकायला आत्याकडे शहापुरात राहायची. गणितात कच्ची. दहावीच्या वर्षी रोज संध्याकाळी माझ्या घरी यायची, पाटी मांडीवर घेऊन बसायची, आणि चुकलं की स्वतःच डोक्यावर टपली मारून घ्यायची. एक्केचाळीस मार्क मिळाले. तिची आई नाचणीच्या पिठाची पिशवी घेऊन आली आणि माझे पाय सोडेना. त्या दिवसापासून त्या घरात एक गोष्ट ठरून गेली — बाई बोलल्या म्हणजे ते खरं.

पुढे तिचं लग्न सापगावात झालं. नवरा सुनील वाशिंदच्या एका कारखान्यात. सासरचं घर लहान, दीर-जावा, भांडणं. मुलगी मानसी तेरा वर्षांची झाली तेव्हा दोघांनी वाशिंदला नव्या इमारतीत फ्लॅट बघितला. अठरा लाखांचं कर्ज, वीस वर्षं.

एका रविवारी सकाळी ती कागदांची फाईल घेऊन माझ्याकडे आली. सुनील बाहेर चपला काढत होता, तोवर ती आत येऊन बोलायलाही लागली होती.

"बाई, सगला इंग्लिशमधी हाय. आमाला काय समजत नाय. तुमी वाचा. तुमी बोलला करा, तर उद्या सही करतो."

बत्तीस पानं होती. बारीक अक्षर. मी चष्मा लावला आणि वाचायला लागले — म्हणजे, वाचत असल्यासारखं करायला लागले. पहिली दोन पानं खरंच वाचली. तिसऱ्या पानापासून वाक्यं एकमेकांत अडकायला लागली. शब्द ओळखीचे, अर्थ लागेना. मग मी काय केलं असेल? मी पान किती वेळाने उलटलं तर खरं वाटेल, याचा अंदाज घेत पानं उलटत राहिले. मधेच एखाद्या ओळीवर बोट ठेवायचे. मान हलवायचे. रंजना माझ्या तोंडाकडे बघत होती. सुनील खुर्चीच्या अगदी कडेवर बसला होता, दवाखान्यात बसतात तसा.

व्याजदरापुढे एक शब्द होता — फ्लोटिंग. तो मी वाचला. हे मी स्पष्ट सांगते, कारण पुढे मी नेमकं याच्या उलट बोलले. तो शब्द मी वाचला आणि त्याचा इथे अर्थ काय, हे मला कळलं नाही. एकतीस वर्षं मी मुलांना चक्रवाढ व्याज शिकवलं. द.सा.द.शे. सात, द.सा.द.शे. नऊ. पुस्तकातल्या उदाहरणात दर सुरुवातीला जो असतो तोच शेवटपर्यंत असतो. दर मधेच बदलतो, आणि बदलला की त्याचं काय होतं, हे मला कुणी शिकवलं नव्हतं. त्यात लाज कसली? म्हणायचं होतं, रंजना, हे मला समजत नाही, बँकेतल्या माणसाला समोर बसवून विचार. एवढंच. पण ती दोघं अशी बघत होती माझ्याकडे...

तिने विचारलं, "सगले मिलून किती जातील, बाई?"

ते गणित मला येत होतं. हप्ता चौदा हजारांच्या किंचित आत. दोनशे चाळीस हप्ते. मी एका पाकिटाच्या मागे गुणाकार केला आणि साडेतेहतीस लाख आले. अठराचे साडेतेहतीस! मला वाटलं, माझंच कुठेतरी चुकलं. पुन्हा केला. तेच. मी घाबरले — खरंच घाबरले — आणि पाकीट उलटं करून ठेवलं. तो आकडा मी त्यांना सांगितला नाही. का? सांगितला असता तर त्यांनी पुढचं विचारलं असतं, आणि पुढचं मला येत नव्हतं.

मी म्हटलं, "ठीक आहे सगळं. करा सही."

रंजना रडली. आनंदाने. सुनील पहिल्यांदा खुर्चीत मागे टेकून बसला.

इथवर असतं तर मी स्वतःला समजावलं असतं की अज्ञान होतं, माणूस चुकतो. पण इथवर नाही ना.

दोन वर्षं गेली. एक दिवस रंजनाने फोनवर बँकेचा मेसेज पाठवला, तोही इंग्रजी. खाली तिचा आवाज — सुनीलला ओव्हरटाइम चांगला मिलतोय, हप्ता दोनेक हजारानं वाढवायचा का, तुमी सांगा. मी मेसेज वरवर बघितला. दर बदलल्याचं काहीतरी होतं, आणि हप्ता तोच राहील असं होतं. मी लिहिलं — काही काळजी करू नकोस, हप्ता तोच आहे, वाढवायची गरज नाही.

त्यानंतर दीडेक महिन्याने माझा भाचा आला होता. त्यानेही घराचं कर्ज काढलंय. बोलता बोलता म्हणाला, "मावशी, दर वाढला की हप्ता तोच ठेवतात आणि वर्षं वाढवतात. लोकांना वाटतं काही बदललंच नाही." मी रंजनाचे आकडे त्याला दिले, नाव न सांगता. त्याने मोबाईलवर हिशोब केला आणि मला दाखवला. सातचा दर नऊ झाला होता. चौदा हजारांतले जवळजवळ तेरा हजार नुसतं व्याज. मुद्दलात हजार-अकराशे. अठरा वर्षं उरली होती, त्याची अठ्ठावीस झाली होती. दोन वर्षं भरून, उलट दहा वाढलेली. शेवटपर्यंत भरत गेलं तर अठरा लाखांचे पन्नास.

"आणि हप्ता दोन हजारांनी वाढवला तर?" मी विचारलं.

"मग पुन्हा अठराच. ज्यांना जमतं त्यांनी लगेच वाढवावा."

लगेच. मला तिथल्या तिथे घाम फुटला. भाचा म्हणाला, बरं वाटत नाहीये का? मी म्हटलं, पित्त आहे.

फोन हातात होता. रंजनाचं नाव वरच होतं. एक वाक्य लिहायचं होतं — माझं चुकलं, हप्ता वाढवा. त्यांच्याकडे तेव्हा पैसे होते! मी लिहिलं, पुसलं. लिहिलं, पुसलं. चुकलं म्हटलं की ती विचारणार, मग तेव्हा वाचलंत तेव्हा कसं नाही दिसलं? उद्या सांगू म्हटलं. मग सणानंतर. मग मी बाजारात तिची साडी लांबून दिसली की दुसऱ्या गल्लीत शिरायला लागले. कुणी दारावर टकटक केली की आधी खिडकीच्या फटीतून बघायचं. शेजारीण म्हणाली, बाई, चोरांची भीती वाटायला लागली का? हो म्हटलं.

असा दोन वर्षांचा काळ मी काढला. दोन वर्षं म्हणजे चोवीस हप्ते. दर महिन्याच्या पाच तारखेला त्यांचा हप्ता कटायचा, हे मला माहीत होतं. पाच तारखेला मी स्वयंपाकच करायचे नाही. पण सांगितलं? नाही सांगितलं.

मग कारखान्यातला ओव्हरटाइम बंद झाला. मानसी बारावीला होती, तिला नर्सिंगला जायचं होतं, फीसाठी थोडं वाढीव कर्ज मिळेल का, हे विचारायला ती दोघं बँकेत गेली. तिथे त्यांना कळलं. चार वर्षांत जवळजवळ पावणेसात लाख भरले होते, आणि मुद्दल सव्वा लाखानेसुद्धा कमी झालेलं नव्हतं. अजून सव्वीस वर्षं. सुनील चाळीसचा. सहासष्टाव्या वर्षी घर त्याचं होणार होतं.

तिथून ती सरळ माझ्याकडे आली. मी फटीतून बघितलं आणि — खरं सांगते — दार उघडायचं नाही असंच ठरवलं होतं. पण तिने हाक मारली, "बाई, मी हाय गो, रंजना," आणि हात आपोआप कडीकडे गेला.

ती चिडलेली नव्हती. चिडली असती तर बरं झालं असतं. तिचे ओठ पांढरे पडले होते.

"बाई, ते बोलतात पयल्यापासून लिवलेलं होतं. दर वाढला का वर्षं वाढनार. असं कसं होईल? तुमी सगला वाचलेला. असतं तर तुमी बोलला नसता का?"

तिने वाट बघितली. फार नाही, पाणी पिण्याएवढी. त्या वेळात मी काहीही बोलू शकले असते.

मी म्हटलं, "नव्हतं. मी वाचलं तेव्हा असं काही नव्हतं."

हाच तो गुन्हा. न वाचणं नाही. हा.

तिने सुस्कारा सोडला. "मला वाटलाच. तुमाला पन फसवला त्यांनी," म्हणाली, आणि वर मलाच समजावलं, बाई, तुमी नका मनाला लावून घेऊ.

दुसऱ्या दिवशी सुनील बँकेत गेला. शांत माणूस, पण तिथे ओरडला. पान बदललंत तुम्ही, आमच्या बाईंनी वाचलेलं हाय. त्यांनी फाईल काढली. पान होतं. पानाखाली त्याची सही होती, तिचीही होती. त्यांनी म्हटलं, बोलवा तुमच्या बाईंना. सुनीलने मला फोन लावला. मी स्वयंपाकघरात उभी होते, फोन ओट्यावर होता, त्याचं नाव दिसत होतं. मी बघत राहिले. थांबला. पुन्हा वाजला. पाच वेळा वाजला. पाचव्या वेळी मी त्याच्यावर पोळ्यांचं फडकं टाकलं.

नंतर म्हटलं, चार्जिंगला होता.

सुनीलने सगळ्यांसमोर साहेबाची माफी मागितली. हे मला रंजनाने सांगितलं, डोळे पुसत. सुनील त्यानंतर माझ्याशी एकदाही बोललेला नाही. बाजारात दिसला तर नमस्कार करतो — पण थांबत नाही. त्याला कळलंय का? मी रात्रंदिवस हाच विचार करते. आज तो रंजनाला सांगेल, उद्या सांगेल.

रंजना आता त्याच कारखान्यात पॅकिंगला जाते, उभ्याने आठ तास. तिचा पगार हप्ता वाढवण्यात जातो, वर्षं कमी व्हावीत म्हणून. मानसीचं नर्सिंग या वर्षी राहिलं.

गेल्या महिन्यात मी ठरवलं. वाक्य पाठ केलं, वर्गात जाण्याआधी करायचे तसं. रविवारी सकाळी वाशिंदला गेले. तिसरा मजला. त्यांचं घर मी पहिल्यांदाच बघत होते — भिंती पिस्ता रंगाच्या, खिडकीत तुळस, एवढंसं, पण लख्ख. रंजनाला काय करू नि काय नको झालं. तिने शेजारच्या दोन बायकांना बोलावून आणलं. "ह्याच आमच्या बाई," म्हणाली. "ह्यांच्यामुले मी शिकली, ह्यांच्यामुले हे घर झाला." बायका पाया पडल्या. सुनील आतल्या खोलीत होता. टीव्हीचा आवाज त्याने थोडा मोठा केला.

तिने तांदळाची भाकरी आणि सुकटीचं कालवण वाढलं. मी जेवले. वाक्य तोंडात होतं आणि मी भाकरी खात होते. बायका गेल्या, रंजना भांडी घेऊन आत गेली, आणि मानसी माझ्याजवळ येऊन बसली. हळू आवाजात, आईला ऐकू जाऊ नये म्हणून तिने विचारलं,

"बाई, पुढच्या वर्षी होईल ना हो माझं ॲडमिशन? आई बोलते होईल. तुमी सांगा."

मला माहीत नव्हतं.

मी म्हटलं, "होईल."

आणि तिने विश्वास ठेवला.