तिंगवहिनींची कढई

ज्या बाईच्या शेजारी मी एकतीस वर्षं राहिलो, तिचं नाव मला ती गेल्यावर कळलं. तेव्हा मी तिच्याबद्दल लिहावं की नाही, हा प्रश्नच आहे. मला लिहायची सवयही नाही. मी मेलेल्यांच्या नावाच्या लाकडी पाट्या कोरतो. घराण्याचं नाव, माणसाचं नाव, जन्म, मृत्यू. एवढंच माझं लिखाण.

आमच्या वाडीत सगळे तिला तिंगवहिनी म्हणत, कारण ती तिंग घराण्यात दिलेली होती. नवरा गेला, मुलगा वेईहाई शियामेन शहरात नोकरीला गेला, आणि कालवांच्या शिंपांनी बांधलेल्या भिंतींच्या त्या घरात ती एकटी उरली. सकाळी ओटीवर बसून कालवं फोडायची. माझं दुकान समोरच. मीही एकटाच. लग्न झालं नाही, का झालं नाही ते सांगण्यासारखं नाही. दिवसातून चार वाक्यं आम्ही बोलत असू. त्यातली दोन हवेबद्दल.

तिंग घराण्याचे पूर्वज शेकडो वर्षांपूर्वी जहाजांतून आलेले मुसलमान व्यापारी. आता त्यांचे वंशज डुक्कर खातात, दारू पितात, देवळात धूप लावतात. पण पूर्वजांच्या ताटात डुकराचा अंशही चालत नाही. म्हणून त्यांच्या घरात पूर्वजांची एक वेगळी कढई असते. वहिनीकडची सासूच्या सासूपासून आलेली होती. तिच्यात फक्त शेंगदाण्याचं तेल, आणि तळायच्या त्या फक्त पिठाच्या गोल पोळ्या, तेही पूर्वजांच्या दिवशी. इतर दिवशी ती चुलीमागच्या खिळ्याला टांगलेली.

वहिनी स्वतः क्वानयिन देवीची. प्रतिपदेला आणि पौर्णिमेला तिचं जेवण शाकाहारी. मी एकदा विचारलं, "वहिनी, तुम्ही देवीच्या, पूर्वज मशिदीतले. वर गेल्यावर तुम्ही कुठे जाणार?"

"जिथे चूल रिकामी असेल तिथे," ती म्हणाली. "सगळीकडे बाईमाणूस लागतंच."

नवऱ्याच्या तिथीच्या आधी एका वर्षी ती ओल्या पायरीवर घसरली आणि तिचं मनगट मोडलं. मी म्हटलं, वरकाम मी करतो. कढई उतरवली तर समुद्राच्या हवेने तांबूस गंज चढलेला. लोखंडाला गंज चढला की काय करायचं, हे आमच्याकडे शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. मी घरी गेलो, डुकराच्या कातडीचा चरबीदार तुकडा आणला आणि गरम कढई आतून-बाहेरून अशी घासली की आरशासारखी चमकली. मला फार बरं वाटलं होतं.

वहिनी हात गळ्यात बांधून आत आली. दारातच थांबली. वास घेतला.

"च्वांगभाऊ, काय लावलंत?"

मी सांगितलं. सांगता सांगताच मला कळलं.

ती ओरडली असती तर बरं झालं असतं. तिने चूल विझवली आणि स्टुलावर बसली. त्या वर्षी पूर्वजांना फळं आणि चहा मिळाला.

मग ती एका हाताने कढई राखेने घासत राहिली. सात दिवस. मी मदतीला गेलो की म्हणायची, "तुम्ही नका, तुमचा हात फार गुणाचा आहे." बसने जाऊन तिने जुन्या शहरातल्या मशिदीत मौलवींना विचारलं. ते म्हणाले, धुतली ना, मग शुद्ध झाली. पण आजी, धूप जाळणं आमच्यात बसत नाही. हिने उत्तर दिलं, "धूप माझ्या माहेरचा, कढई सासरची. तुम्ही सासरचं तेवढं बघा." मौलवी हसले म्हणे.

तरी तिचं समाधान होईना. शेवटी तिने नवऱ्याच्या पाटीसमोर चंद्रकोरीसारखे दोन लाकडी तुकडे टाकून कौल लावला. तीनदा दोन्ही तुकड्यांच्या सपाट बाजू वर. आमच्यात त्याचा अर्थ, वरचे हसताहेत.

"म्हणजे माफ केलं?" मी दारातून विचारलं.

"म्हणजे तुम्हाला हसताहेत," वहिनी म्हणाली.

त्यानंतर ती माझ्याशी थोडं जास्त बोलायला लागली, की मलाच तसं वाटलं, सांगता येत नाही. एका सकाळी कालवं फोडता फोडता, माझ्याकडे न बघता म्हणाली, "माझ्यामागे यांना पोळ्या कोण तळणार?"

'मी तळीन' हे शब्द माझ्या तोंडात आले होते. पण मी च्वांग, ते तिंग. परक्या आडनावाच्या हातचं पूर्वज घेत नाहीत असं मानतात. आणि कढई कोणी बाटवली होती? मी पाटीवरचा भुसा फुंकत राहिलो. तिने वाट पाहिली. मग पुढचं कालव घेतलं.

वेईहाई ख्रिस्ती झाला होता. मुलगा चांगला, दर रविवारी फोन करायचा. नववर्षाला आला तेव्हा तिने त्याला चुलीपुढे उभं केलं.

"आई, मी मेलेल्यांपुढे ताट मांडणार नाही."

"नको मांडू. नुसतं तळायला शीक."

"कोणासाठी तळू?"

"तूच खा मेल्या!"

त्याने उभ्या उभ्या चार खाल्ल्या, पण झारा काही हातात घेतला नाही. त्या दिवशी ती ओटीवर आली नाही.

पुढच्या वसंतात डोळ्याच्या ऑपरेशनसाठी ती त्याच्याकडे गेली. ऑपरेशन नीट झालं. तिसऱ्या दिवशी दुपारी ती झोपली ती उठलीच नाही. शेवटचं सगळं तिथेच, भजनं म्हणून केलं. वेईहाई घर बंद करायला आला तेव्हा मी चाचरत म्हटलं, पाटी कोरून देतो.

"काका, आईला पाटी नको. ती प्रभूकडे आहे." त्याचे डोळे सुजलेले होते.

"बरं. पण तिचं नाव काय होतं?"

तो माझ्याकडे बघत राहिला. "सू युंजिन," म्हणाला.

मी पाटी कोरली. ती माझ्या फळीवर आहे. तिथे तिला कोणी धूप लावत नाही. तो अधिकार मला नाही.

नवव्या महिन्यात तिच्या नवऱ्याची तिथी आली. मी पीठ मळलं. पहिल्या पोळ्या फुटल्या, नंतरच्या बऱ्या झाल्या. ताट तिच्या बंद दाराच्या पायरीवर ठेवलं आणि माझ्या दुकानात येऊन बसलो. कोणी घेतलं का, मला माहीत नाही. संध्याकाळी गार झालेल्या पोळ्या मीच खाल्ल्या. कौल लावायचा धीर झाला नाही.

शियामेनला निघाली त्या सकाळी ती कापडात गुंडाळलेली कढई घेऊन माझ्या दारात आली होती. बस फाट्यावर उभी होती.

"चार दिवसांचा प्रश्न आहे," ती म्हणाली. "गंज चढू देऊ नका."

"शेंगदाण्याचं तेल लावू?"

"तेच. आणि थोडंच लावा, नाहीतर चिकट होते."

"बरं," मी म्हटलं.