पडद्यावरचा अनोळखी खलनायक

सिंगापूरच्या क्वीन्सटाउन भागात राहायला आले तेव्हा शेजारच्या फ्लॅटमधल्या मलय आजींशी माझी गट्टी जमली. मी त्यांना मकचिक म्हणायची, म्हणजे आपल्याकडची मावशी. वय ऐंशीच्या पुढे, गुडघे गेलेले, आवाज मात्र खणखणीत.

एका रविवारी त्यांनी मला फोटो दाखवला. झुपकेदार मिशा, हातात सुरा.

"माझे बाबा. सिनेमात खलनायक होते."

बाबा मूळचे बटाव्हियाचे, म्हणजे आजच्या जकार्ताचे. आधी फिरत्या नाटक कंपनीत, अंक बदलताना पडद्यासमोर येऊन गाणी म्हणायचे. तिथून एका निर्मात्याने त्यांना उचललं आणि चेहरा उग्र म्हणून खलनायक केलं. तीन-चार वर्षं बरी गेली. मग जपानी आले, स्टुडिओ बंद पडले. युद्धानंतर बाबा सिंगापूरला आले आणि एका थिएटरच्या दारात तिकिटं फाडू लागले. घरात सिनेमाचा विषय काढलेला त्यांना चालत नसे. त्यामुळे मकचिकनी त्यांना पडद्यावर कधी पाहिलंच नव्हतं.

"मला बघायचंय. तू कॉम्प्युटरवाली ना? शोध."

मी जुन्या सिनेमांच्या एका संग्रहालयाला ईमेल केली. उत्तर आलं, त्या काळातल्या बहुतेक फिल्म नष्ट झाल्या आहेत. मी चाचरतच त्यांना सांगितलं.

"एकानेच सांगितलं ना? मग दुसऱ्याला विचार."

दुसऱ्याला विचारलं, तिसऱ्याला विचारलं. ऑफिस सांभाळून दर रविवारी मी त्यांच्याकडे बसायची. त्या मलयमध्ये पत्र सांगायच्या, मी टाइप करायची. मला दोनदा वाटलं, पुरे आता. त्यांना एकदाही वाटलं नाही.

दीड वर्षाने परदेशातल्या एका संग्रहालयातून सहा मिनिटांचा तुकडा आला. नायक एका माणसाला भाताच्या खाचरातून पळवत नेतो आणि चिखलात लोळवतो, एवढंच.

मकचिक रडतील म्हणून मी रुमाल घेऊन बसले होते. त्या म्हणाल्या, "थांबव. मागे घे. उजवा खांदा पाडून पळतायत बघ! दारात उभे राहायचे तेही अस्सेच."

आम्ही तो तुकडा कितीदा पाहिला कोण जाणे. मग त्यांनी विचारलं, "खाली काय लिहिलंय?"

"खलनायक. अभिनेता अज्ञात."

त्या ताठ बसल्या. "अज्ञात कसला? मी जिवंत आहे अजून. लिही."

त्या दिवशी नाटक कंपनीपासून थिएटरच्या दारापर्यंतची बाबांची सगळी कारकीर्द मी लिहून घेतली. संग्रहालयाने पुरावा मागितला. आम्ही फोटो पाठवला, कंपनीचं फाटकं हस्तपत्रकही पाठवलं. चार महिन्यांनी त्यांच्या वेबसाइटवर त्या सिनेमाच्या पानावर बाबांचं नाव आलं.

मी धावतच शेजारी गेले. मकचिकनी फोन डोळ्यांजवळ धरून अक्षर न् अक्षर वाचलं.

"नावात एक अक्षर चुकलंय," त्या म्हणाल्या. "बस. पत्र लिहू."