खुर्चीतून नाहीसं होणं

अर्धांगवायूने बायकोची उजवी बाजू गेली, वाचाही गेली. त्याला आता सात महिने झाले. टीव्हीवर कुणी भराभर बोलायला लागलं की ती बावरते. म्हणून मी तिला मोबाइलवर जुने मूकपट दाखवायला लागलो. तिथे सगळेच गप्प, हिला कुणाच्या मागे पडायला नको. दृश्यांमधल्या मजकुराच्या पाट्या मी मोठ्याने वाचतो. उभा जन्म शाळेत वाचून दाखवलं, तेव्हा इतकं मन लावून कुणी ऐकलं नव्हतं.

देव तारेला लोंबकळत आभाळातून उतरतात, राक्षसाचं मुंडकं धडावेगळं होऊन भिरभिरतं. एकदा धूर झाला आणि ऋषी गायब. तिने डाव्या हाताने मला ढोसलं, भुवया उंचावल्या. कसं? सात महिन्यांतला तिचा पहिला प्रश्न. मला हर्षवायू व्हायचाच बाकी होता.

मी समजावलं. कॅमेरा थांबवायचा, त्या माणसाने बाजूला व्हायचं, बाकीच्यांनी जागचं हलायचं नाही, मग कॅमेरा पुन्हा सुरू. नुसतं सांगून भागेना, प्रात्यक्षिक हवंच. मास्तरकीची खोड मेल्याशिवाय जायची नाही. पिठाच्या डब्याला मोबाइल टेकवला आणि तिच्या शेजारच्या खुर्चीत बसलो. तिला सांभाळणाऱ्या मावशींनी मी सांगेन तेव्हा बटण दाबलं. न हलण्याच्या कामात बायकोइतकं तरबेज अख्ख्या वर्तकनगरात कुणी नसेल. असले विनोद मी करतो. दुसरं काय करू?

व्हिडिओत मी गायब झालो. ती हसली नाही. तिने बोट स्वतःकडे वळवलं.

"काकूंना पण करायचंय वाटतं," मावशी म्हणाल्या. "मी उचलते, तुम्ही पाय धरा काका. मोबाइलला धक्का लावू नका, नायतर परत करायला लागेल."

आधी ती खुर्चीत बसलेली टिपली, मग बटण दाबून रेकॉर्डिंग थांबवलं. दोघांनी मिळून तिला पलंगावर ठेवलं. मग नुसत्या खुर्चीचं थोडं चित्रण केलं.

व्हिडिओत ती बसलेली आहे, आणि मग नाही. खिडकी, वाळत घातलेला टॉवेल, खुर्ची, सगळं जागच्या जागी. ते पाहून तिचं तोंड वाकडं होत होत हसलं. या हसण्यासाठी मी नाही नाही ते नवस बोललो होतो. तिने पुन्हा लावायला लावलं. पुन्हा.

आता मूकपट लावला की ती मोबाइल दूर सारते. तिला तेवढाच व्हिडिओ हवा असतो. ती हसते ती आपण नसलेल्या खुर्चीला, हे मला कळतं. तरी रोज दुपारी मी तो लावतो.